पोलिश नटीची प्रॉम्प्टर

ती बाई मला पहिल्या दिवसापासून आवडली नाही. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढे कुणाला वाटायला नको की आमची मैत्री होती वगैरे. मैत्री कसली डोंबलाची! आम्ही जर्सी सिटीत एकाच बिल्डिंगमध्ये राहत होतो, एवढंच. बिल्डिंगच्या तळघरात कपडे धुवायची मशीन होती आणि तीन ड्रायर होते, त्यातला एक कायम बंद. शनिवारी सकाळी मी तिथं बसायचे. ड्रायरमध्ये नवऱ्याचे शर्ट गरगर फिरतायत, माझ्या एका हातात आमच्या मराठी मंडळाच्या नाटकाच्या स्क्रिप्टची वही, दुसऱ्या हातात लाल पेन्सिल, आणि मी आपली तोंडातल्या तोंडात पुटपुटतेय. ऐंशीच्या दशकातली गोष्ट आहे ही.

मंडळात मी प्रॉम्प्टर होते. नऊ वर्षं! मंडळाचं नाटक वर्षातून एकदाच, दिवाळी झाली की, एका शाळेच्या हॉलमध्ये व्हायचं. कामं करणारे सगळे डॉक्टर नाहीतर इंजिनियर. त्या बिचाऱ्यांना पाठांतराला वेळ कुठला? तालमीला निम्मे यायचे, उरलेले ‘ट्रॅफिकमध्ये अडकलो यार’ म्हणून फोन करायचे, आणि प्रयोगाच्या दिवशी सगळ्यांचे डोळे विंगेकडे. मी स्टुलावर बसून अख्खं तीन अंकी नाटक म्हणायचे आणि ते लोक ओठ हलवायचे. माझा आवाज तिसऱ्या रांगेपर्यंत ऐकू जायचा, त्यावर हशा व्हायचा, टाळ्या मात्र त्यांना. नागपूरला कॉलेजात असताना मी स्टेजवर उभी राहिलेली बाई आहे, बक्षीस घेतलेली. पण इथं कधी कामाबद्दल तोंड उघडलं की अध्यक्ष म्हणायचे, “अहो वहिनी, तुम्ही स्टेजवर गेलात तर विंगेत कोण बसणार?” म्हणजे गोड बोलून गळा कापायचा.

तर अशा एका शनिवारी ती बास्केट घेऊन खाली आली. उंच, हाडकुळी, केस घट्ट मागे बांधलेले, पन्नाशीला टेकलेली. मशीन लावलं आणि सरळ माझ्या खांद्यावरून माझ्या वहीत डोकावून बघायला लागली. ना ओळख ना पाळख. देवनागरीतलं एक अक्षर तिला वाचता येत नव्हतं. पण प्रत्येक वाक्याच्या पहिल्या दोन शब्दांखाली माझी लाल रेघ होती, पॉजच्या जागी वर्तुळ होतं, आणि कुणी हमखास अडखळतं तिथं फुली होती. तिनं बोट ठेवून विचारलं, “सुफ्लेर्का?” मग मोडक्यातोडक्या इंग्रजीत सांगितलं, की तिच्या पोलंडमध्ये प्रॉम्प्टर बाईला असं म्हणतात.

मी खूश होऊन मान हलवली. नऊ वर्षांत माझ्या वहीकडे कुणी ढुंकूनही पाहिलं नव्हतं हो. तर बाई पुढं काय म्हणाली? “तुझे नट वाईट आहेत. चांगल्या नटांच्या प्रॉम्प्टरची वही इतकी लाल नसते.” खरंच होतं ते. पण हिला कुणी विचारलं होतं?

आपण कोण, तेही तिनं कुणी न विचारताच सांगितलं. पुढच्या चार शनिवारी सांगत होती. वॉर्सात सव्वीस वर्षं रंगभूमीवर काढलेली, राण्या, चोरट्या, वेड्या बायका, आणि तिशीतच एक ऐंशी वर्षांची म्हातारी. नऊ सिनेमे केलेले. त्यातल्या एकात ती सुरुवातीची पाच मिनिटं नुसती शेतातून चालत येते, एक शब्द बोलत नाही, आणि त्यानंतर म्हणे ट्राममध्ये लोक तिला उठून जागा द्यायचे. मग तिकडे लष्करी राजवट आली. नटांनी आपापसांत ठरवलं, की सरकारी टीव्हीवर तोंड दाखवायचं नाही. तिनंही नाही दाखवलं. पुढे वारं फिरलं तसे बरेच जण परत कामाला लागले, पण हिच्यावर कुणाचा तरी राग राहिला. राणीचं काम गेलं, मग दासीचं मिळायला लागलं, मग तेही मिळेना. म्हणून ती चुलत बहिणीच्या आधारानं इकडे आली, आणि आता सकाळी ऑफिसं झाडत होती.

हे सगळं ती अशा थाटात सांगायची, जशी काही मी तिकीट काढून ऐकायला बसलेय. एकदा मात्र माझा टॉवेल घेऊन तिनं फाशीची शिक्षा ऐकणारी राणी करून दाखवली. शब्द नाही, काही नाही, नुसता टॉवेल हातात घट्ट होत गेला. खोटं कशाला बोलू, माझ्या अंगावर काटा आला. त्यानं तर ती मला आणखीनच आवडेनाशी झाली.

पाचव्या शनिवारी मुद्द्यावर आली. मॅनहॅटनमध्ये एका छोट्याशा थिएटरच्या डायरेक्टरला कुणीतरी तिच्याविषयी सांगितलं होतं. त्यांना एका नव्या नाटकासाठी एकट्या राहणाऱ्या म्हाताऱ्या घरमालकिणीचं काम करणारी बाई हवी होती. शेवटी सहा पानांचं एकटीचं बोलणं. सहा आठवड्यांनी तिनं ती सहा पानं करून दाखवायची, पसंत पडली तर काम तिचं. इंग्रजी तिचं भाजी-ब्रेड आणण्यापुरतं. तिला वाक्यं म्हणून घ्यायला कुणीतरी हवं होतं, आणि त्या दिवशी पडद्यामागे बसायलाही. इकडे अमेरिकेत विंगेत प्रॉम्प्टर बसवत नाहीत, पण ती म्हणाली, “आमच्याकडे प्रॉम्प्टरशिवाय कुणी पाऊल टाकत नाही.” डायरेक्टर हसला होता, आणि आणा कुणाला आणायचं ते, असं म्हणाला होता.

“मी एकोणपन्नास वर्षांची आहे,” ती म्हणाली. “हे मिळालं नाही तर मग झाडूच.”

मी हो म्हटलं. दया आली म्हणून नाही. मॅनहॅटनच्या थिएटरात विंगेत बसायला मिळणार, या लोभानं हो म्हटलं.

ते सहा आठवडे म्हणजे नुसती भांडणं. तिनं माझं नाव कधी विचारलं नाही, शेवटपर्यंत ‘सुफ्लेर्का’च. मी वाक्य म्हणायचं, तिनं ते उचलायचं. थोड्याच दिवसांत तिच्या पोलिश इंग्रजीत माझं नागपुरी इंग्रजी शिरलं, आणि त्या दोघांचं मिळून काय झालं ते देवालाच ठाऊक. एकदा मशीनवर ठेवलेली तिची स्क्रिप्ट खाली पडली. मी सवयीनं उचलली, कपाळाला लावली. ती किंचाळलीच! माझ्या हातातून हिसकावून तिनं ती परत जमिनीवर आपटली आणि बुटासकट तिच्यावर उभी राहिली.

“अगं बाई, सरस्वतीवर पाय देतेस?” मी मराठीतच ओरडले.

तिचं म्हणणं, पडलेली स्क्रिप्ट पायाखाली दाबली नाही तर नाटक पडतं. तिकडे सगळे नट असंच करतात. माझं म्हणणं, विद्येला लाथ मारून कुणाचं भलं झालंय का? पाऊण तास आम्ही त्यावर भांडलो. पलीकडे एक म्हातारा गृहस्थ मोज्यांच्या घड्या करत होता, तो मोजे तसेच टाकून निघून गेला. शेवटी तोड अशी निघाली, की आधी तिनं पाय द्यायचा, मग मी उचलून नमस्कार करायचा. त्यानंतर स्क्रिप्ट दोनदा पडली आणि दोन्ही वेळा आम्ही दोघींनी हे सगळं अगदी गंभीर चेहऱ्यानं केलं.

आणि तो पॉज. त्या सहा पानांच्या शेवटी दोन ताटं मांडून बसलेल्या म्हातारीला मुलाचं पत्र येतं, की मी येत नाही. ती पत्राची घडी घालते आणि मग शेवटचं वाक्य बोलते. इंग्रजीतच होतं ते, पण अर्थ असा, की मग आज एकच ताट. घडी घातल्यावर ती पहिल्यांदा थांबली तेव्हा मी लगेच वाक्य टाकलं. नऊ वर्षांची सवय. आमचे डॉक्टर थांबले की ते विसरलेच म्हणून समजायचं.

तिनं मशीनवर थाडकन हात मारला. “हे माझं आहे! इथं तू बोलायचं नाही! मोज!”

“किती मोजू?”

“तेरा.”

मी मोजलं. पाच-सहाला वाटतं, विसरली ही. आठ-नऊला राग येतो तिचा. अकराला लक्षात येतं, की ती समोरची दोन ताटं बघतेय. तेराला ती बोलते आणि ते दुसरं ताट आपणच उचलून ठेवावंसं वाटतं. मी तिच्या स्क्रिप्टवर लाल वर्तुळ काढून आत तेरा लिहिलं. त्यानंतर पंचवीस-तीस वेळा तरी ते ऐकलं असेल. कधी बारा नाही, कधी चौदा नाही. त्या तेराबद्दल मला पुन्हा कधीही शंका आली नाही, हे इथंच लिहून ठेवते.

त्या काळात आमच्या भागात कपाळावर कुंकू लावून चालायची चोरी होती. गाडीतून शिव्या यायच्या, कधी अंडी यायची. नवरा म्हणायचा, “पुसून जात जा गं.” मी काहून पुसू? एका दुपारी दुकानातून येताना ती माझ्याबरोबर होती. एक गाडी हळू झाली, आतल्या चौघांनी नेहमीचं घाणेरडं काहीतरी ओरडून अंडं फेकलं, ते माझ्या खांद्यावर फुटलं. मी खाली मान घालून चालायला लागले. तिनं पिशवी खाली ठेवली. रस्त्याच्या मधोमध जाऊन उभी राहिली आणि पोलिशमध्ये सुरू झाली. काय तो आवाज, बाप्पा! खिडक्या उघडल्या. गाडी गेली सुसाट. नंतर म्हणाली, कुठल्याशा जुन्या नाटकातला चेटकिणीचा शाप होता तो.

मग रुमालानं माझा कोट पुसता पुसता मलाच विचारते, “तू का नाही ओरडलीस? तुला आवाज आहे ना?”

उपकार करायचे ते करायचे आणि वर टोमणा! घरी आल्यावर मी नवऱ्याला अंड्याचं सांगितलं. तिचं नाही सांगितलं.

त्याच सुमारास मंडळात चमत्कार झाला. नाटकातल्या आत्याबाईंचं काम करणाऱ्या काकूंचा प्रयोगाच्या दहा दिवस आधी पाय मोडला. अख्खं नाटक पाठ असलेली बाई एकच. अध्यक्षांना झक मारत माझ्याकडे यावं लागलं. दुसऱ्या अंकात दीड पान. विंगेत माझ्या नवऱ्याला बसवलं, तो निम्मा वेळ पेंगत होता. आणि मला कुठून दुर्बुद्धी झाली, मी त्या बाईला प्रयोगाला बोलावलं. मनात होतं, बघू दे हिला.

पहिल्या रांगेत काळा ड्रेस घालून, ताठ बसली होती. मी काम केलं. खरोखरचं पाणी आलं डोळ्यांत. टाळ्या पडल्या, नऊ वर्षांत पहिल्यांदा माझ्या. प्रयोगानंतर चहा आणि बटाटेवड्याच्या रांगेत मी उभी, काकू, मावश्या म्हणतायत, “छान झालं हो,” आणि ही गर्दीतून वाट काढत आली. सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात, इंग्रजीतून म्हणाली, “तू फार चांगली प्रॉम्प्टर आहेस. नटी नाहीस. दुसरे बोलत होते तेव्हाही तुझे ओठ हलत होते. सगळ्यांची वाक्यं तू म्हणत होतीस. पुन्हा पुढे येऊ नकोस.”

मग अध्यक्ष हसले, “घ्या वहिनी, एक्स्पर्ट ओपिनियन!” आणि सगळी रांग फुटली हसत. दोन पोरींनी लगेच ओठ हलवून दाखवले एकमेकींना. गाडीत मी रडत होते तर नवरा म्हणतो, “अगं, पण खरंच हलत होते.” मेल्याहून मेल्यासारखं झालं मला. त्या रांगेतल्या एकाचाही मला राग आला नाही, नवऱ्याचाही आला नाही. सगळा राग तिच्यावर, कारण ती खरं बोलली होती आणि ते सगळ्यांदेखत बोलली होती.

तिचं काम दाखवायचं ठरलं होतं ते त्यानंतर बारा दिवसांनी. जायचं नाही असं ठरवलं होतं मी. मग गेले. वाईट करायला गेले असं म्हणणार नाही, पण चांगलं करायला गेले असंही म्हणवत नाही. तिला मात्र आपण काही वावगं बोललो याचा पत्ताच नव्हता. ट्रेनमध्ये शेजारी बसून शांतपणे सफरचंद खात होती.

थिएटर म्हणजे तळघरच एक, खुर्च्या साठेक, स्टेज बोटभर उंच. विंग नव्हतीच. एका बाजूला काळा पडदा होता, त्याच्या आड मला खुर्ची दिली. समोर तिघंच बसलेले, डायरेक्टर आणि आणखी दोघं. जायच्या आधी तिनं माझा हात धरला. बर्फासारखा गार होता तिचा हात. ही बाई घाबरते हे मला तेव्हा कळलं. आणि मला बरं वाटलं. हो, बरं वाटलं.

मग ती गेली आणि सहा पानं घडाघडा बोलली. एक शब्द इकडचा तिकडे नाही. माझं नागपूर, तिचं वॉर्सा, सगळं त्या म्हातारीचंच वाटायला लागलं. मी बोट ठेवून ओळीवरून ओळीवर जात होते आणि मला तोंड उघडायची गरजच पडत नव्हती. पडद्याच्या फटीतून दिसत होतं, डायरेक्टरनं लिहायचं थांबवून पेन खाली ठेवलं होतं. पत्र आलं. तिनं वाचलं. घडी घातली आणि थांबली.

एक. दोन. ते तिघं पुढे झुकले. तीन. मला तिची पाठ दिसत होती, मान दिसत होती. चार. माझ्या मनात आलं, आता हे उठून उभे राहतील, हिला मिठ्या मारतील. पाच. आणि ही मला म्हणेल, चल सुफ्लेर्का, माझा कोट आण. सहा.

मी वाक्य टाकलं. मंडळातल्या आवाजात, तिसऱ्या रांगेपर्यंत जाणाऱ्या. ते तिघं पहिल्याच रांगेत होते.

तिची मान किंचित हलली. मग तिनं ते वाक्य म्हटलं, नीट म्हटलं, पण सगळं ओसरून गेलं होतं. डायरेक्टर चांगला माणूस होता. त्यानं हळूच विचारलं, “वाक्य आठवलं नाही का?”

मला वाटलं, आता ही सांगणार, की मी विसरले नव्हते, माझ्या प्रॉम्प्टरनं घाई केली. एका वाक्याचं काम होतं. त्यानं तिला पुन्हा करायला सांगितलं असतं, तिनं पुन्हा केलं असतं.

ती म्हणाली, “हो. विसरले.”

मग जे व्हायचं तेच झालं. परक्या भाषेत पाठांतर कठीण असतं, रोज प्रयोग असतो, इथं प्रॉम्प्टर बसवता येत नाही, तुम्ही थोर आहात, वगैरे वगैरे. कोट घालून आम्ही बाहेर पडलो.

ट्रेनमध्ये ती माझ्या शेजारीच बसली. मग म्हणाली, “परक्यांसमोर आपल्या प्रॉम्प्टरची चूक सांगायची नसते. नटानं ती आपल्या अंगावर घ्यायची. आमच्याकडे तसंच आहे.” मी खिडकीबाहेर बघत होते, बाहेर बोगद्याची भिंत होती. “तू घाबरलीस,” ती म्हणाली. “विसरणाऱ्या लोकांची सवय झालीय तुला. होतं असं. हो ना?”

मी म्हटलं, “हो.”

तिनं मला चार शिव्या हासडल्या असत्या तर मी आठ दिल्या असत्या. तर ही माझ्या हातावर थोपटत बसली! घरी नवऱ्यानं विचारलं तेव्हा मी सांगितलं, ती विसरली. मंडळात सगळ्यांना आनंदाच्या उकळ्या फुटल्या. “एवढी मोठी नटी म्हणे, आणि सहा पानं पाठ होईनात!” आणि मी त्यांच्याबरोबर हसले.

वसंतात ती शिकागोला निघाली, एका म्हाताऱ्या जोडप्याच्या घरी राहून त्यांचं करायला. मी सामान उतरवायला खाली गेले. त्या दिवशी सांगायचंच असं ठरवून गेले होते. तीन दिवस इंग्रजी वाक्य जुळवून पाठ केलं होतं, की तू विसरली नव्हतीस, मला माहीत होतं, मी मोजत होते. बॅगा टॅक्सीत ठेवल्या. मी तोंड उघडणार तेवढ्यात तिनंच विचारलं, “मंडळात पुन्हा काम मागितलंस?”

“मागितलं.”

“दिलं?”

“नाही.”

“शहाणे आहेत,” ती म्हणाली.

झालं, माझं डोकं फिरलं. तीन दिवस घोकलेलं वाक्य मी तिथल्या तिथं गिळून टाकलं आणि टॅक्सीचं दार जरा जोरातच लावलं. तिनं काच खाली करून सांगितलं, “पुढच्या वेळी घाबरू नकोस. चांगली आहेस तू.” टॅक्सी गेली.

पाच-सहा वर्षांनी तिची चुलत बहीण मला बिल्डिंगच्या दारात भेटली, तिनं सांगितलं, ती वारली. शिकागोत पोलिश लोकांचं थिएटर होतं, त्यांनी दोनतीनदा बोलावलं, पण ती गेली नाही. बहिणीला म्हणाली होती, आता आणखी एका प्रॉम्प्टरला माझ्यामुळे घाबरवणं नको. सव्वीस वर्षं रंगभूमी आणि नऊ सिनेमे केलेल्या त्या बाईचा शेवटचा प्रयोग एका तळघरात तीन माणसांसमोर झाला, आणि तो मी पाडला.